मोबाइलचा ग्राफिक्स ड्रायव्हर बदलायचाय? आधी चिप बघा, मग झिप उतरवा

तुमच्या मोबाइलात स्नॅपड्रॅगन नसेल तर पुढचं निम्मं तुमच्या कामाचं नाही, हे आधीच सांगून टाकतो. डायमेन्सिटी, हेलिओ, एक्झिनॉस, टेन्सर यांपैकी काही असेल तर थेट खाली ‘मालीवाल्यांनी काय करायचं’ तिथे जा. बाकीच्यांनी क्रमाने वाचा. मधलं गाळून ड्रायव्हरची झिप फाइल टाकणारी मंडळीच नंतर माझ्या काउंटरवर येऊन उभी राहतात.

मोबाइल दुरुस्तीचं काउंटर पुण्यात, तपकीर गल्लीत. डिस्प्ले, बॅटरी, चार्जिंग जॅक यातच दिवस जातो. पण कॉलेजं सुरू झाली की सदाशिव पेठेत कॉट बेसिसवर राहणारी, कर्वेनगर-कात्रजकडची पोरं हातात सेकंडहँड मोबाइल घेऊन येतात. परवा लातूरचा एक जण विचारत होता, “दादा, ह्यात पीसीची गेम चालंल का ओ? लॅपटॉप आत्ता काय घेणं होत नाही.” त्याच्या हातात स्नॅपड्रॅगन ८७० चा मोबाइल होता. म्हटलं, चालेल की. पण तुला मोबाइल नाही बदलायचा, ड्रायव्हर बदलायचाय, म्हणजे गेम आणि ग्राफिक्स चिप यांच्या मधला दुभाषा प्रोग्राम.

सगळा मुद्दा हाच आहे. तीन-चार वर्षं जुन्या चांगल्या मोबाइलची चिप म्हातारी झालेली नसते. कंपनीने अपडेट देणं थांबवलं त्या दिवशी तिचा ड्रायव्हर जिथे होता तिथेच गोठतो, आणि दोष मात्र चिपच्या नावावर लागतो.

चिप ओळखा

सेटिंग्जमध्ये ‘अबाउट फोन’ उघडा, प्रोसेसरचं नाव वाचा. स्नॅपड्रॅगनमधल्या ग्राफिक्स चिपला ॲड्रेनो म्हणतात आणि तिचा आकडा प्रोसेसरपेक्षा वेगळा असतो. दुकानात रोज दिसणारे सांगतो : ७२० जी आणि ७३० जी मध्ये ॲड्रेनो ६१८, ६९५ मध्ये ६१९, ७७८ जी मध्ये ६४२ एल, ८४५ मध्ये ६३०, ८५५ मध्ये ६४०, ८६५ आणि ८७० दोन्हींत ६५०, ८८८ मध्ये ६६०. पुढे ८ जेन १ आणि ८ प्लस जेन १ ला ७३०, ७ प्लस जेन २ ला ७२५, ८ जेन २ ला ७४०, ८ जेन ३ ला ७५०. ८ एलिटमध्ये ८३०.

यात सहाशेची मालिका सगळ्यात भरवशाची, कारण तिच्यावर सगळ्यात जास्त वर्षं काम झालंय. ६१८ तर स्नॅपड्रॅगनवाल्या क्रोमबुकमध्येही होती आणि तिथे आपण टाकणार आहोत त्याच कुळातला मोकळा ड्रायव्हर अधिकृतपणे चालायचा. सातशेत ७३०, ७४०, ७५० उत्तम. आठशेची मालिका नवी, तिथे रोज काहीतरी बदलतंय. हौस असेल तरच. पाचशेच्या मालिकेचा मोबाइल असेल तर या भानगडीत पडू नका, पुढे ज्याचं सांगणार आहे तो टर्निप तिथे चालतच नाही.

प्ले स्टोअरवर ‘व्हल्कन हार्डवेअर कॅपॅबिलिटी व्ह्यूअर’ नावाचं फुकट ॲप आहे. ते उघडून तीन गोष्टींचा स्क्रीनशॉट काढून ठेवा : चिपचं नाव, व्हल्कनची (गेम ज्या भाषेत चिपला चित्र काढायला सांगते तिची) आवृत्ती, ड्रायव्हरची आवृत्ती. हा तुमचा ‘आधीचा’ फोटो. हा नसेल तर नंतर नक्की काय सुधारलं हे कळायला मार्ग नाही, आणि मग “जरा स्मूथ वाटतंय” असली वाक्यं सुरू होतात.

बदलतो ते नक्की काय

ग्राफिक्स ड्रायव्हरचे दोन भाग असतात. एक कर्नलमध्ये, म्हणजे अँड्रॉइडच्या गाभ्यात बसलेला; क्वालकॉमच्या (स्नॅपड्रॅगन बनवणारी कंपनी) मोबाइलात त्याला केजीएसएल म्हणतात. तो मेमरी वाटतो, चिपला काम पोचवतो. त्याला आपण हात लावत नाही. दुसरा भाग म्हणजे व्हेंडर पार्टिशनमध्ये, कंपनीच्या फाइलींच्या कप्प्यात पडलेली लायब्ररी. गेमने सांगितलेलं चित्र चिपच्या भाषेत उतरवायचं काम तिचं. शेडर, म्हणजे रंग-उजेड ठरवणारे गेममधले छोटे प्रोग्राम, तीच कंपाइल करते, आणि बहुतेक घोळही तीच घालते. आपण बदलतो ती ही लायब्ररी.

तिच्या जागी जो मोकळा, ओपन सोर्स ड्रायव्हर येतो त्याचं नाव टर्निप. तो मेसा नावाच्या प्रकल्पाचा भाग आहे. लिनक्सवर ग्राफिक्स चालतं त्यामागे बहुतेक वेळा मेसाच असतं, आणि हा प्रकल्प १९९३ पासूनचा आहे. रॉब क्लार्क यांनी २०१२ मध्ये ॲड्रेनोची आतली रचना कंपनीच्या कागदपत्रांशिवाय, उलट बाजूने उलगडायला सुरुवात केली. त्या कामाला फ्रीड्रीनो म्हणतात. त्यातून ओपनजीएलचा (व्हल्कनच्या आधीची तशीच भाषा) ड्रायव्हर झाला, आणि २०१९ च्या आसपास व्हल्कनसाठी टर्निप. आता त्यावर स्पेनमधल्या इगालिया कंपनीचे लोकही काम करतात. म्हणजे कुणा पोराने रात्री जागून बनवलेला जुगाड नाही हा. त्याच्या झिप बांधून वाटणारे बरेचसे हौशी असतात, तो भाग वेगळा.

फायदा काय, तर लातूरच्या त्याच मोबाइलचं बघू. ॲड्रेनो ६५०, मूळ ड्रायव्हर व्हल्कन १.१ वर थांबलेला. विंडोजच्या गेम डायरेक्टएक्स ही मायक्रोसॉफ्टची भाषा वापरतात; त्याचं व्हल्कन करून देणारा मधला थर म्हणजे डीएक्सव्हीके. तो नोव्हेंबर २०२२ च्या २.० पासून व्हल्कन १.३ मागतो. मूळ ड्रायव्हर ते देत नाही, त्यामुळे जुन्या १.१०.३ वर समाधान मानावं लागतं. त्याच चिपवर टर्निप मात्र १.३ देतो. चिपमध्ये ताकद होतीच, सांगणारा कुणी नव्हता.

दुसरं टेक्स्चरचं, म्हणजे भिंती-माणसांवर चिकटवलेल्या चित्रांचं. पीसीच्या गेमची टेक्स्चर बीसी प्रकारात दाबलेली असतात, मोबाइलच्या गेमची एएसटीसी किंवा ईटीसी२ मध्ये. क्वालकॉमचे जुने ड्रायव्हर बीसी येत असल्याचं कबूलच करत नाहीत, टर्निप करतो. गेम चालू होते, आवाज येतो, पण भिंती-माणसं काळी किंवा गायब, असं दिसलं की पहिला संशय इथे घ्या.

रूट न करता

रूट म्हणजे मोबाइलच्या सिस्टिमचा पूर्ण ताबा घेणं. ते न करता होणारी ही पद्धत वापरा. दुसरी का नको ते पुढे येईलच.

अँड्रॉइडवर प्रत्येक ॲप व्हल्कन मागतं तेव्हा सिस्टिम त्याला व्हेंडरची लायब्ररी उघडून देते. ॲड्रेनोटूल्स नावाची एक छोटी लायब्ररी आहे, ती ॲपच्या आत बसून ही मागणी मधेच वळवते आणि तुम्ही दिलेली फाइल उघडते. हे फक्त त्या ॲपपुरतं. बाकी मोबाइलला पत्ताही लागत नाही. ॲप काढलं की ड्रायव्हरही गेला. बँकेचं ॲप, यूपीआय, सगळं जागच्या जागी.

यातून दोन गोष्टी निघतात. एक, ज्या ॲपच्या लेखकाने ही सोय ठेवली आहे तिथेच हे चालतं : म्हणजे एम्युलेटर, दुसऱ्या यंत्राच्या गेम मोबाइलवर चालवणारी ॲपं. सोनीच्या पीएसपीसाठी पीपीएसएसपीपी, निन्टेन्डोच्या गेमक्यूब आणि ‘वी’ या यंत्रांसाठी डॉल्फिन, सोनीच्याच व्हिटासाठी व्हिटाथ्रीके, विंडोजसाठी विनलेटर वगैरे. दोन, “दादा, बीजीएमआयमध्ये टाकून द्या ना” या प्रश्नाचं उत्तर ‘नाही’ असं आहे. प्ले स्टोअरच्या साध्या गेममध्ये ही सोय नसते. रूट करून जबरदस्ती केलीत तर ऑनलाइन गेमची फसवणूक पकडणारी यंत्रणा तुम्हाला कोणत्या नजरेने बघेल ते सांगता येत नाही. खातं जायची तयारी ठेवा. आणि एम्युलेटर कायदेशीर असला तरी गेमची प्रत स्वतःची असावी. जीओजीसारख्या ऑनलाइन दुकानात सेलमध्ये जुन्या पीसी गेम वडापावच्या भावात मिळतात, त्या घ्या.

आता फाइल. ड्रायव्हर झिपमध्ये येतो आणि ती झिप सोडवायची नाही, तशीच ॲपला द्यायची. आत डोकावायला हरकत नाही, उलट डोकवाच. आत दोन गोष्टी दिसल्या पाहिजेत : एक ‘एसओ’ प्रकारची लायब्ररी आणि एक ‘मेटा’ नावाची जेसन फाइल. ही मेटा साध्या टेक्स्ट एडिटरमध्ये उघडते. त्यात ड्रायव्हरचं नाव, मेसाची आवृत्ती, बांधणाऱ्याचं नाव, किमान अँड्रॉइडची पातळी आणि लायब्ररीच्या फाइलचं नाव लिहिलेलं असतं. हे शेवटचं नाव आणि झिपमधल्या फाइलचं नाव अक्षरन् अक्षर जुळलं पाहिजे, नाहीतर ॲप ती घेत नाही किंवा घेऊन उघडताना मरतं. आत ‘मॉड्यूल’ नावाची प्रॉप फाइल दिसली तर ती मॅजिस्कसाठीची (रूट करायचं साधन), रूटवाल्यांची झिप आहे. नावं अगदी सारखी असतात, म्हणून घोळ होतो. ती ठेवून द्या.

मेसाच्या आवृत्त्यांचा हिशेब सोपा आहे. पहिला आकडा वर्ष, दुसरा त्या वर्षातलं कितवं प्रकाशन : २४.० ते २४.३ या २०२४ च्या, २५.० फेब्रुवारी २०२५ ची. बांधणारे त्यापुढे ‘आर’ लावून स्वतःचा क्रमांक टाकतात. टर्निपशिवाय दुसऱ्या प्रकारच्याही झिप दिसतील, ५१२ ने सुरू होणाऱ्या आवृत्तीच्या. ते मोकळे ड्रायव्हर नाहीत, नव्या मोबाइलच्या फर्मवेअरमधून (कंपनीने भरलेल्या सॉफ्टवेअरमधून) काढलेले क्वालकॉमचेच आहेत. काही एम्युलेटर सातशेच्या मालिकेवर त्यांनीच जास्त बरे पळतात, त्यामुळे त्यांना नाकं मुरडू नका. पण आत काय आहे ते कुणाला वाचता येत नाही, एवढं ध्यानात असू द्या.

झिप कुठून घ्यायची? गिटहब या कोड ठेवायच्या वेबसाइटवरच्या, ॲपच्या किंवा ड्रायव्हर बांधणाऱ्याच्या रिलीज पानावरून. टेलिग्रामवर फॉरवर्ड झालेली नको, पासवर्ड मागणारी नको, झिपच्या जागी एपीके (ॲपची फाइल) निघालेली तर अजिबात नको. ड्रायव्हर म्हणजे चित्र किंवा गाणं नव्हे, तो चालणारा कोड आहे आणि ॲपला जे अधिकार आहेत ते सगळे त्याला मिळतात. विनलेटरला तुम्ही स्टोरेज उघडं करून दिलेलं असतं. तुमच्या आधार कार्डाचा फोटोही त्याच स्टोरेजमध्ये पडलेला असतो.

टाकायचा कसा

पहिल्यांदा पीपीएसएसपीपीवर हात बसवा. ॲप लहान, गेम हलक्या, बिघडलं तर लगेच कळतं. ग्राफिक्सच्या सेटिंगमध्ये बॅकएंड व्हल्कन करा. ओपनजीएल ठेवलंत तर टर्निपचा संबंधच येत नाही, कारण तो फक्त व्हल्कनचा ड्रायव्हर आहे. अर्धी मंडळी इथेच अडकतात. मग ॲपच्या ड्रायव्हर मॅनेजरमध्ये जाऊन झिप निवडा, ॲप पूर्ण बंद करून पुन्हा उघडा. सिस्टिम इन्फर्मेशनच्या पानावर ड्रायव्हरच्या नावात टर्निप किंवा मेसा दिसलं तर काम झालं. डॉल्फिनमध्येही रीत हीच.

विनलेटरमध्ये टर्निप आधीपासून आत येतो, वेगळी झिप फक्त आवृत्ती बदलायची असेल तेव्हा लागते. त्यात प्रत्येक गेमसाठी किंवा गेमच्या गटासाठी एक कंटेनर, म्हणजे विंडोजचा वेगळा डबा करतात. कंटेनरच्या सेटिंगमध्ये ग्राफिक्स ड्रायव्हर टर्निप, डीएक्स रॅपर डीएक्सव्हीके. मेनूची नावं आवृत्तीगणिक बदलतात आणि त्याच्या फाटे फुटलेल्या प्रतीही पुष्कळ आहेत, पण हे दोन कप्पे सगळीकडे असतात. जुन्या ओपनजीएलच्या पीसी गेमसाठी झिंक नावाचा थर आहे, तो ओपनजीएलचं व्हल्कन करून टर्निपच्या हवाली करतो.

कंटेनर एकदा नीट चालला की त्याची नक्कल करून ठेवा आणि प्रयोग नकलेवर करा. ड्रायव्हर बदलला की गेमची जुनी शेडर कॅश पुसा, नाहीतर जुन्याची घाण नव्याच्या नावावर खपते.

खरंच कोणता ड्रायव्हर चालतोय हे गेमच्या आत बघायचं असेल तर डीएक्सव्हीकेचा हड (एचयूडी, गेमवर दिसणारी माहितीची पट्टी) चालू करा. कंटेनरमध्ये एन्व्हायर्नमेंट व्हेरिएबल (प्रोग्रामला बाहेरून द्यायची सूचना) टाकायची जागा असते, तिथून होतं. डाव्या कोपऱ्यात चिपचं नाव, आवृत्ती आणि फ्रेमचा आकडा येतो. ‘टर्निप ॲड्रेनो ६५०’ असं वाचलं की माझा विश्वास बसतो, त्याआधी नाही.

मोजायचं कसं

पहिली काही मिनिटं सोडून द्या. नवा ड्रायव्हर प्रत्येक शेडर पहिल्यांदा कंपाइल करतो, त्यामुळे नव्या खोलीत शिरलं, पहिली गोळी झाडली की धक्का बसणारच. तोच रस्ता दुसऱ्यांदा चाला, मग आकडा बघा. गेममधली एकच जागा ठरवून ठेवा आणि प्रत्येक ड्रायव्हर तिथेच तपासा. मी नेहमी पाऊस किंवा धूर असलेली जागा घेतो, कारण पारदर्शक गोष्टींचे थर चिपला खरं दमवतात.

आणि तापमान! एप्रिलात पुण्याचा पारा चाळिशीला टेकतो तेव्हा दुपारी तीन वाजता केलेली चाचणी आणि रात्री अकराला केलेली चाचणी यांची तुलना करू नका. मोबाइल तापला की चिप स्वतःहून वेग कमी करते, मग सकाळचा ड्रायव्हर भारी आणि दुपारचा टाकाऊ ठरतो. त्यात गुरुवार असेल आणि महावितरणने लाइट घालवली असेल तर पंखाही नाही. कव्हर काढा, चार्जिंगवर ठेवून खेळू नका, दोन चाचण्यांमध्ये मोबाइल गार होऊ द्या.

सगळ्यात नवी झिप म्हणजे सगळ्यात चांगली, हा समज सोडा. नव्या मेसात एखादी गेम सुधारते तशी एखादी बिघडतेही. जी आवृत्ती तुमच्या गेमला चालली ती एका फोल्डरमध्ये जपून ठेवा, नावात गेम आणि मोबाइल लिहून.

बिघडलं तर

ॲप उघडताक्षणी बंद पडत असेल तर तो ड्रायव्हर तुमच्या चिपसाठी नाही किंवा झिप चुकीची आहे. तिथे सेटिंगशी खेळत बसू नका, दुसरी घ्या.

चित्र येतंय पण खराब येतंय, ही खरी मजेची अवस्था. टर्निपला सूचना द्यायला ‘टीयू अंडरस्कोर डीबग’ नावाचं एन्व्हायर्नमेंट व्हेरिएबल आहे (मूळ नाव इंग्रजी मोठ्या लिपीत, मधे अंडरस्कोर). विनलेटरमध्ये ते बहुधा आधीच दिलेलं असतं, ‘नोकन्फॉर्म’ या किमतीसह (किंमत म्हणजे इथे व्हॅल्यू). त्यापुढे स्वल्पविराम देऊन पुढच्या किमती जोडायच्या. एका वेळी एकच.

हिरवे-गुलाबी चौकोन, टीव्हीचा सिग्नल गेल्यासारखं चित्र : ‘नोयूबीडब्ल्यूसी’. ॲड्रेनो चित्र मेमरीत ठेवताना स्वतःच्या पद्धतीने दाबून ठेवते, त्याला यूबीडब्ल्यूसी म्हणतात. लिहिणारा आणि वाचणारा यांची पद्धत जुळली नाही की असे चौकोन येतात. फर्मवेअर अपडेटनंतर अचानक सुरू झालं असेल तर जवळपास नक्की हेच. तोटा असा की मेमरीवरचा ताण वाढतो, वेग थोडा पडतो.

सावल्या लुकलुकतात, माणसं भिंतीतून दिसतात, जमीन मधेच गायब होते : ‘नोएलआरझेड’. झाकलेल्या गोष्टी रंगवायच्याच नाहीत म्हणून चिप आधी एक ढोबळ खोली-नकाशा करते; तो चुकला तर दिसायला हवं तेही गाळलं जातं. हे बंद केलं की चित्र बरोबर येतं, चिपला काम जास्त.

तिसरी किंमत ‘सिसमेम’. हिच्यावर जरा थांबतो, कारण सगळे ती कुणीतरी सांगितली म्हणून लावतात. ॲड्रेनोच्या आत थोडीशी, अतिशय वेगवान मेमरी असते, तिला जीमेम म्हणतात. पूर्ण पडदा तिच्यात मावत नाही. म्हणून चिप पडद्याचे तुकडे करते, एक तुकडा आत घेऊन पूर्ण रंगवते, झाला की बाहेरच्या रॅममध्ये एकदाच लिहिते. माझ्या काउंटरवरच्या रबरी चटईसारखं : एक मोबाइल घेतला, स्क्रू तिथेच मांडले, काम संपवलं, ट्रेमध्ये परत. जलद आणि कमी धावपळ. पण गिऱ्हाइकाने दर दोन मिनिटांनी “आता हा बघा, आता परत तो बघा” केलं तर वेळ मांडण्यात आणि उचलण्यातच जाणार. पीसीच्या गेम नेमकं हेच करतात. मोबाइलचा विचार करून त्या लिहिलेल्या नसतात; एका फ्रेममध्ये सावलीचा पट, उजेडाचा पट, धुराचा पट अशी रंगवायची जागा सतत बदलतात आणि प्रत्येक बदलाला तुकडे आत-बाहेर. अशा वेळी चटई सोडून थेट रॅममध्ये रंगवणं परवडतं. ‘सिसमेम’ म्हणजे तेच, आणि ‘जीमेम’ लिहिलं तर उलट जबरदस्ती. काहीच लिहिलं नाही तर टर्निप स्वतः अंदाज बांधतो, आणि तो अंदाज बहुतेक वेळा ठीक असतो. त्यामुळे आधी काही न लावता मोजा, मग सिसमेम लावून त्याच जागी मोजा. पडद्यावर तुकड्यांच्या कडा रेघांसारख्या दिसत असतील तर मात्र न मोजता लावा.

पडदा नुसता काळा आणि हडही नाही, असं असेल तर दोष बहुधा ड्रायव्हरचा नसतो. डीएक्सव्हीकेची आवृत्ती खाली आणून बघा.

रूटवाली पद्धत

काउंटरवर पाटी आहे : ‘रूट करून मिळणार नाही. कारण विचारण्यात स्वतःचा व आमचा वेळ घालवू नये.’ इथे वेळ आहे म्हणून कारण सांगतो.

मॅजिस्कचं मॉड्यूल व्हेंडरच्या व्हल्कन लायब्ररीच्या जागी टर्निप उभा करतं, सगळ्या मोबाइलसाठी. त्यासाठी बूटलोडर (मोबाइल सुरू करणारं कुलूपबंद सॉफ्टवेअर) उघडायला लागतो आणि तो उघडताना मोबाइलमधला सगळा डेटा पुसला जातो. नंतर यूपीआय आणि बँकेची ॲपं अडून बसतात, कित्येक मोबाइलात वाइडवाइनची (व्हिडिओच्या चोरीविरुद्धचं कुलूप) पातळी एल१ वरून एल३ वर येते आणि सिनेमे एचडीत दिसेनासे होतात. ड्रायव्हर जुळला नाही तर बूटलूप, म्हणजे मोबाइल पुन्हापुन्हा नुसता सुरू होत राहतो. एवढं करून मिळतं काय? अँड्रॉइडवरच्या अनेक गेम अजून ओपनजीएल ईएस वापरतात आणि टर्निप व्हल्कनपुरता आहे. म्हणजे ज्यासाठी केलं त्याला धक्काही लागत नाही.

जादा पडलेला मोबाइल आहे आणि करायचंच आहे, तर एवढं पाठ करून ठेवा : बूटलूपमध्ये अडकलात तर सेफ मोडमध्ये चालू करा, मॅजिस्क सगळी मॉड्यूल बंद करतो. मूळ बूट इमेज लॅपटॉपवर आधीच काढून ठेवलेली असावी. ती नसेल तर सुरूच करू नका.

मालीवाल्यांनी काय करायचं

सुरुवातीला सांगितलेल्या बिगर-स्नॅपड्रॅगन प्रोसेसरांत बहुधा आर्म कंपनीची माली ही ग्राफिक्स चिप असते. मालीसाठीही मोकळे ड्रायव्हर आहेत. ओपनजीएलसाठी पॅनफ्रॉस्ट, व्हल्कनसाठी पॅनव्हीके, तेही मेसातच. मग मोबाइलात का नाही? कारण वर सांगितलेला पहिला भाग, कर्नलमधला. टर्निपने क्वालकॉमच्या केजीएसएलशी बोलायची सोय ठेवली आहे. पॅनफ्रॉस्ट आणि पॅनव्हीके मात्र मूळ लिनक्स कर्नलमधल्या ड्रायव्हरशी बोलतात, आणि तुमच्या मोबाइलात आर्मचा स्वतःचा वेगळा कर्नल ड्रायव्हर बसलेला आहे. दोघांची भाषा वेगळी. मीडियाटेकच्या क्रोमबुकवर किंवा पोस्टमार्केटओएस (मोबाइलसाठीचं लिनक्स) टाकलेल्या यंत्रांवर हे चालतं, दुकानातून आणलेल्या अँड्रॉइडवर झिप टाकून नाही. कुणी ‘माली टर्निप’ नावाची फाइल विकत असेल तर त्याला माझा नमस्कार सांगा.

तुमच्या हातात उरतं ते असं : सिस्टिम अपडेट आलं असेल तर घ्या, कारण ड्रायव्हर त्यातूनच येतो. अँड्रॉइड १० पासून ड्रायव्हर प्ले स्टोअरमार्गे स्वतंत्र देण्याची सोय आहे; काही मोबाइलांत डेव्हलपर ऑप्शन्समध्ये ‘ग्राफिक्स ड्रायव्हर प्रेफरन्सेस’ दिसतं, तिथे गेमनिहाय निवड करता येते. कंपनीने काही दिलंच नसेल तर तो कप्पा रिकामा असतो. विनलेटरच्या नव्या आवृत्त्यांत वॉर्टेक नावाचा पर्याय आहे, तो मोबाइलच्या मूळ व्हल्कन ड्रायव्हरवरच काम भागवतो. जुन्या डायरेक्टएक्स ९ च्या गेम त्यावर बऱ्या चालतात. आणि सेकंडहँड घ्यायचाच असेल तर, एम्युलेशनसाठी, नव्या डायमेन्सिटीपेक्षा जुना ८७० घ्या. विकणाऱ्याला चिप विचारू नका, स्वतः सेटिंग्ज उघडून बघा. खोक्यावरचं नाव आणि आतला बोर्ड एकच असतो असं नाही.

स्वतः बांधायचा असेल तर

लिनक्स असलेला लॅपटॉप आणि थोडी चिकाटी पुरते. मेसाचा सोर्स फ्रीडेस्कटॉपच्या गिटलॅबवरून घ्या, अँड्रॉइडचं एनडीके (अँड्रॉइडसाठी कोड बांधायची साधनं) उतरवा. बांधणी जुळवणाऱ्या मेसॉनला सांगायचं : प्लॅटफॉर्म अँड्रॉइड, व्हल्कन ड्रायव्हर फ्रीड्रीनो, गॅलियम काही नको, कर्नलची बाजू केजीएसएल. ही शेवटची निवड राहून गेली तर ड्रायव्हर बिनतक्रार बांधला जातो आणि मोबाइलवर चिप सापडत नाही म्हणून बसून राहतो. मग प्रत्यक्ष बांधणारं निंजा चालवलं की फ्रीड्रीनोची व्हल्कन लायब्ररी मिळते. तिचं आतलं नाव पॅचएल्फ या साधनाने बदला, मेटा फाइल लिहा, दोन्ही झिप करा. फोल्डरची झिप नको, थेट दोन फाइलींची. नाहीतर ॲपला मेटा सापडत नाही.

याचा उपयोग काय, तर बिघाड पकडता येतो. २४.२ वर गेम नीट आणि २४.३ वर सावल्या गायब, असं असेल तर मधल्या बदलांवर गिट बायसेक्ट (निम्मे-निम्मे करत दोषी बदल शोधायची सोय) लावून नेमका कोणत्या बदलाने घोळ झाला तिथपर्यंत पोचता येतं, आणि ते मेसाच्या गिटलॅबवर इंग्रजीत दोन ओळींत नोंदवता येतं. नोंदवताना चिपचा आकडा, मेसाची आवृत्ती, शेवटचा चांगला आणि पहिला खराब बदल, टीयू डीबगच्या कोणत्या किमतीने फरक पडतो, आणि पडद्याचा फोटो द्या. झिप दुसऱ्याने बांधलेली असेल तर आधी शुद्ध मेसावर तोच बिघाड दिसतो का ते तपासा. बांधणाऱ्याने स्वतःचे ठिगळ लावलेले असतात, आणि त्याचा जाब मेसावाल्यांना विचारला की ते नोंद सरळ बंद करतात.